डीव्हीडीवरचा धाकटा तुकडा

आमच्या लेकीच्या, विलियानाच्या लग्नाची डीव्हीडी दोन तास दहा मिनिटांची होती. त्याशिवाय त्या डीव्हीडीवर आणखी एक तुकडा होता, मिनिटभराचाही नसेल. वरात निघण्याआधी कॅमेरावाल्याने तिला अंगणात एकटीला उभं करून विचारलं होतं, "आईला काय सांगशील?" लग्नानंतर चार वर्षांनी ती आजाराने गेली. लग्नाच्या चित्रणात नुसता बँड ऐकू येतो. तिचा आवाज होता तो त्या धाकट्या तुकड्यातच.

दरवर्षी जूनअखेर तिच्या दिवशी, म्हणजे ती गेली त्या तारखेला, आम्ही गहू उकडून, साखर घालून थडग्यापाशी वाटतो. घरी परतलं की मी टीव्ही लावायची. रिमोटवरचं खालचं बटण दोनदा, मग मधलं. बाकीचं लग्न मी कधी पाहिलं नाही.

या मे महिन्यात डीव्हीडी प्लेअर बंद पडला. माझा भाचा गालिन याचं क्युस्तेन्दिल शहरात मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. मी आणि माझा नवरा एवतिम डीव्हीडी घेऊन तिकडे गेलो.

"आत्या, प्लेअर आता कोण विकतंय? कॉम्प्युटरवर सॉफ्टवेअर आहे. डीव्हीडी घालायची, पेन ड्राइव्हवर काढून घ्यायची. माणूस गेलं तरी ती राहील."

"कुठलं माणूस?" एवतिमने विचारलं.

"वयाने बघितलं तर नंबर तुमचाच, आतोबा."

"मग हात चालव की लवकर!"

गालिनने विचारलं, "काय आहे यात?" मी म्हटलं, "लग्न." एका बरणीतलं लोणचं दुसऱ्या बरणीत काढतात तसं सगळंच येत असेल, असं मला वाटलं. त्याने सुरुवात लावून दाखवली. चर्चच्या पायऱ्या, पांढऱ्या झग्यातली आमची पोर. मला भरून आलं, पुढचं पाहायचं सुचलंच नाही.

"आता डीव्हीडीचं काय करू?"

"टांग चेरीला," तो म्हणाला.

चेरी लाल व्हायला लागल्या होत्या. आमच्याकडे पाखरं हाकलायला प्रत्येकाच्या झाडावर अशा चकत्या लटकलेल्या असतात. मीही दोरी ओवून ती फांदीला बांधली. माझ्याच हाताने. मधे एकदा गारा पडल्या.

तिच्या दिवशी गालिनने आमच्या टीव्हीला पेन ड्राइव्ह लावून दिला. लग्न सुरू झालं.

"आता धाकटं लाव," मी म्हटलं.

"धाकटं म्हणजे?"

त्याने शोधलं. पुन्हा शोधलं. मग त्याचा चेहरा उतरला. "आत्या, ते सॉफ्टवेअर आपणहून सगळ्यात लांब तुकडा उचलतं. बाकीचे मी निवडायला हवे होते. मी बघितलंच नाही. डीव्हीडी कुठंय?"

एवतिम शिडी न घेताच झाडावर चढला, बहात्तराव्या वर्षी. गालिनने डीव्हीडी साबणाने धुतली, सदऱ्याने पुसली, लॅपटॉपमध्ये घातली. आत घरघर झाली, थांबली, पुन्हा झाली. तासाभराने पडद्यावर विलियाना आली. डोक्यावर फुलं, मागे आमची भिंत, तोंड नुकतं उघडलेलं. चित्र तिथेच अडकलं. आवाज नाही.

"एवढंच निघतंय," गालिन म्हणाला. "आत्या, शिव्या घाल मला. काहीतरी बोल."

"तुला कशाला? टांगली मी."

"ती काय म्हणाली होती गं? मी ऐकलंच नाही कधी."

मला एकेक शब्द पाठ होता. मी म्हणून दाखवलं, "आई, रडू नकोस. दर रविवारी येईन आणि तुझं डोकं खाईन. बाबांना सांग, बूट काढून आत या." पण तिचं ते शेवटचा शब्द ओढणं, मधेच फुटलेलं हसू, त्यातलं काही मला जमेना. मी पुन्हा म्हटलं. तिसऱ्यांदा म्हटलं.

"पुरे," एवतिम म्हणाला, आणि माझ्या तोंडावर हलकेच हात ठेवला.