उशिराचं कारण

वकिलाच्या ऑफिसातल्या खुर्चीचा एक पाय आखूड होता. त्याखाली पुठ्ठ्याची घडी.

घरात मुलगी अखंड बडबडायची. उंबरठा ओलांडला की तोंडाला कुलूप. काका तिला रेडिओ म्हणायचा.

नव्या बाई फळ्यावर लिहिताना गुणगुणायच्या.

हंगामी शिक्षिका म्हणून केलेल्या कामाचे गुण भरतीत धरायचे असतात. धरलेच नाहीत.

हे सगळं एकाच बाईच्या डोक्यात होतं आणि ती त्या लंगड्या खुर्चीत तोल सावरून बसली होती.

“गुणांचं म्हणाल तर केस सोन्यासारखी आहे,” वकील म्हणाला. “पण ताई, नेमणुका होऊन तीन वर्षं झाली. तेव्हा आला होतात, ‘उद्या येते’ म्हणालात. तो उद्या आज उजाडला होय?”

नवऱ्याने मान वळवली. “तू आली होतीस? मला वाटलं, तुला काही सुचलंच नाही. बाकीच्या धावत कोर्टात गेल्या, नोकरीला लागल्या. तू आपली डबे भरत बसलीस.”



तेव्हा वकिलाने एक गोष्ट समजावली होती. नेमणुकांच्या यादीत सगळ्यात खाली जिचं नाव आहे तिलाच कोर्टात समोर उभं करावं लागेल. तुम्ही आत गेलात की ती बाहेर. तिने नाव वाचलं. नव्या बाईंचं होतं. मुलीच्या वर्गाच्या बाई.

आणि त्याच दिवसांत मुलगी त्यांच्याशी बोलायला लागली. फक्त त्यांच्याशी.

म्हणून तिने ठरवलं, एवढं वर्ष जाऊ दे. पुढच्या वर्षी बाई वर्गाबरोबरच वर सरकल्या. त्याच्या पुढच्याही. मुलगी मोठ्या शाळेत गेली, त्याच आठवड्यात ती पुन्हा इथे आली.

“उशिराचं कारण काय लिहू?” वकिलाने विचारलं. “सासूबाईंचं आजारपण?”

“आई ठणठणीत आहे,” नवरा म्हणाला. “पण लिहा, तिला आवडेल.”

“खरं ते लिहा,” ती म्हणाली, आणि तिने सांगितलं.

नवऱ्याने वाकून तिच्या खुर्चीखालची पुठ्ठ्याची घडी नीट सरकवली. वकिलाने पेन ठेवलं. “ताई, हे लिहिलं तर समोरचा वकील हेच उचलेल. म्हणेल, बाईंच्या नेमणुकीला तुमची हरकतच नव्हती, उलट फायदा घेतलात. त्यापेक्षा घरगुती अडचण लिहू.”

घरगुती अडचण लिहिलं गेलं.

न्यायाधीश गुणांपर्यंत पोचलेच नाहीत. अन्याय झालाही असेल, ते म्हणाले, पण एवढा काळ गप्प का बसलात याचं पटण्यासारखं कारण नाही, आणि समोरच्या बाई आता नोकरीत स्थिरावल्या आहेत. अर्ज फेटाळला. पुढच्या भरतीसाठी तिचं वय केव्हाच उलटून गेलं होतं.

बाहेर व्हरांड्यात नव्या बाई तिच्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. आता त्यांना नव्या म्हणण्यात अर्थ नव्हता.

“तीन वर्षं शाळेच्या दारात माझ्याशी हसून बोलत होतात,” बाई म्हणाल्या. “आणि पोटात हे होतं?”

उत्तर तिच्या जिभेच्या टोकावर आलं. एकदा सांगितलं असतं तर या बाईला ते जन्मभर वागवावं लागलं असतं.

“घरगुती अडचण होती,” ती म्हणाली.

बाई वळल्या. चार पावलं गेल्या आणि थांबल्या. “ती बोलते का नव्या शाळेत?”

“बोलते. तिथले सर म्हणतात, जरा आवरा हिला.”

बाईंना हसू आलं. मग आपण कुठे उभ्या आहोत ते आठवलं आणि त्या जिना उतरून गेल्या.

नवरा रिक्षा बघायला पुढे गेला होता. ती कठड्याला धरून उभी राहिली.

ती पहिल्यांदा वकिलाकडे गेली होती त्याच दुपारी मुलगी वर्गात पहिलं वाक्य बोलली होती: “बाई, खिडकी लावू?”