उघड्या पडद्यांचं गाव

आमच्या कडव्या ख्रिस्ती गावात टीव्ही बघणं पाप, आणि संध्याकाळी खिडकीचे पडदे ओढणं त्याहून मोठं पाप. पडदा ओढला की लोक म्हणणार, आत काहीतरी काळंबेरं आहे. देवळात स्तोत्रं मात्र इतकी सावकाश गातात, एकेका अक्षराला कुरवाळत, की पहिल्या ओळीला गाईच्या धारेला बसलेली बाई तिसऱ्या ओळीला धार काढून उठते. ऐकणाऱ्याचं मन निवळून जातं.

अशा गावचा रोकुस हिल्फरसम शहरात जाऊन टीव्हीच्या मालिका लिहू लागला. त्याची आई हेंड्रिका सगळ्यांना सांगे, "कचेरीत असतो." शेवटी बातमी फुटलीच. रोकुस सुट्टीला आलेला पाहून मंडळीचे वडील, म्हणजे चर्चचे कारभारी, कोल्ककाका चौकशीला आले. मंडळीतून पोराचं नाव गेलं, तर देवळातल्या प्रभुभोजनाच्या पंगतीला आपण एकट्याच बसणार, ही हेंड्रिकाबाईंना धास्ती.

"रोकुस, ती पाववाल्याची मालिका तू लिहितोस?"

"हो, काका."

काकांनी घसा खाकरला. "मग मला सांग, त्या विधवेनं त्याच्या थोबाडीत का मारली? इतका सज्जन माणूस!"

"काका, तुम्ही बघता?"

"बघतो कुठे! जेवण झालं की आम्ही सगळे वडील पाय मोकळे करायला निघतो. कोपऱ्यावर त्या शहरातून राहायला आलेल्या जोडप्याचं घर. पडदे उघडे, टीव्ही भिंतीएवढा. डोळे मिटून चालू? कालव्यात पडेन! आणि काच बंद, अक्षरही कानावर येत नाही, मग पाप कसलं? आमचं एकमत झालंय, तो पाववाला तिला स्तोत्रं शिकवतो."

"कसला सज्जन!" हेंड्रिकाबाई उसळल्या. "झ्वोलला बायको आहे मेल्याची!"

काका त्यांच्याकडे वळले.

"हे रस्त्यावरून ऐकू आलं, बाई?"

"मी रस्त्यावर कशाला उभी राहू? मी आत, त्यांच्या सोफ्यावर असते. पोरगं लिहितं ते आईनं ऐकू नये?"

रोकुसचे डोळे भरून आले. "आई, कधी बोलली नाहीस ती!"

"बोलून काय करू? ती विधवा फार बडबडते रे. जरा आवर तिला."

काकांनी टक्कल खाजवलं. मग म्हणाले, "याचं नाव काढायचं तर तुमचंही काढावं लागेल, बाई. आणि सगळ्या वडिलांचंही. मग प्रभुभोजन वाढणार कोण? राहू दे नाव. चला, प्रार्थना करू."

त्यांनी रोकुससाठी देवाला आळवलं, हेंड्रिकाबाईंसाठी आळवलं. जरा थांबले, आणि गहिवरून म्हणाले, "आणि प्रभो, झ्वोलच्या त्या बिचाऱ्या बायकोलाही सांभाळ."

"आमेन!" सगळ्यांत मोठ्यानं हेंड्रिकाबाई म्हणाल्या.