रंगरावांनी वाजवलेलं

"एकवर नाही, दोनवर टाळी!" तनुजा ओरडली, आणि पॅकिंग विभागातल्या बारा बायकांचे पाय पुन्हा चुकले. मग रंगरावांनी सॅक्सोफोन तोंडाला लावला. चार ओळी वाजल्या नाहीत तोच पाय आपोआप जागेवर पडू लागले.

चाकणच्या एका कंपनीच्या वार्षिक समारंभासाठी तनुजाने हा नाच सहा आठवडे बसवला होता. आधी जॅझच्या तालावर गुडघे वळवून पाय झटकणारी माणसं, मग जोडीने गिरक्या घेणारी, मग सिनेमातला क्लब-डान्स आणि शेवटी आजची रील्स. एकाच तालाची चार पिढ्यांची सोयरीक. तिच्या चिंचवडच्या नाचाच्या क्लासात असं काही करण्याची संधी याआधी आलीच नव्हती.

रंगराव अडुसष्ट वर्षांचे. तरुणपणी पुण्याच्या हॉटेलांत वाजवलं, पुढे सगळी उमर लग्नाच्या बँडात गेली. रोज मोशीहून बसने यायचे.

"नाचणाऱ्याचे पाय ऐकायचे, ताई. फुंक कुठं तोडायची ते पायच सांगत्यात."

समारंभाच्या आदल्या दिवशी कंपनीच्या एचआर मॅडम, रश्मी, तालीम बघायला आल्या.

"जुनं सगळं काढा. शेवटचं गाणं तेवढं ठेवा, चार मिनिटं. आणि लाइव्ह नको, रेकॉर्डिंग लावू. आजोबा मात्र राहू देत, फोटोत छान दिसतात."

तनुजाने मान डोलावली. पुढच्या वर्षीचं कामही त्यांच्याच हातात होतं.

रंगरावांना सांगताना ती बुटाची लेस सोडून पुन्हा बांधत राहिली.

"म्हंजी नुसतं उभं ऱ्हायचं?"

"बोटं हलवायची, काका."

त्यांनी बारा जणींकडे बघितलं.

"बरं."

दुसऱ्या दिवशी मंचावर रंगरावांची बोटं हलली, गालही फुगले. स्पीकरमधून रेकॉर्डिंगमधला सॅक्सोफोन घुमला, शिट्ट्या पडल्या. कार्यक्रम संपल्यावर त्यांची बायको, दुर्गाबाई, नवं लुगडं सावरत मंचामागे आल्या. वरातीच्या गोंगाटात नवऱ्याचं वाजवणं त्यांनी कधी धड ऐकलंच नव्हतं. डोळे भरून आले होते.

"इतकं गोड तुमी कधीच वाजवलं न्हाई," त्या म्हणाल्या, आणि तनुजाकडे वळल्या. "व्हय ना वो, ताई?"

रंगरावांनी मान वर केली नाही.

"हो," तनुजा म्हणाली.

दुर्गाबाईंनी पदराने नवऱ्याचं कपाळ पुसलं. ते कोरडंच होतं. रंगरावांनी पुसू दिलं.