वाढ्याचा भारा

"दगडं लावल्ते साहेब! अन् दगडावर वाढ्याचा भाराबी ठिवल्ता. लेकराची आन घेतो, खोटं बोलून राह्यलो असंल तर!"

साक्षीच्या पिंजऱ्यात ट्रॅक्टर ड्रायव्हर अंगद हात जोडून उभा होता. अंबडच्या कोर्टात मागच्या बाकावर बसलेल्या पुष्पाबाईने पदर तोंडात कोंबला.

उसाची ट्रॉली रस्त्यात बंद पडली की ड्रायव्हर तिच्यामागे दगड मांडतात आणि त्यावर वाढं ठेवतात. उसाचे ते हिरवे शेंडे लांबून दिसतात आणि मागचा गाडीवाला जपून जातो. अंगदची ट्रॉली पंक्चर झाली तेव्हा त्यानेही तेच केलं, असं तो म्हणत होता. त्याच ट्रॉलीवर दिवेलागणीला मोटरसायकल आदळून पुष्पाबाईचा एकुलता एक कल्याण गेला.

विमा कंपनीचा वकील म्हणाला, "एवढी खूण होती, तरी धडकला. म्हणजे चूक मयताचीच."

शीतलचा, म्हणजे पुष्पाबाईच्या सुनेचा वकील ताडकन उठला. "पंचनाम्यात नुसते दगड आहेत साहेब, तेही काळे. भारा काय चालत गेला?"

कोणीतरी फिसकन हसलं.

भारा चालत गेला नव्हता. पुष्पाबाईच्या डोक्यावरून गेला होता.

त्या दिवशी ती खुरपून घरी निघाली होती. अंगद चाक घेऊन पंक्चरवाल्याकडे गेलेला, रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. उसाच्या गाडीमागे वाढं दिसलं आणि बाईमाणसाने सोडलं, असं त्या पट्ट्यात कधी होत नाही. त्याला चोरी कोण म्हणतं? घरी गाय व्यालेली. खूण आहे हे तिला कळत नव्हतं असंही नाही, पण ऊन चांगलं लख्ख होतं. एवढ्या उजेडात एवढी मोठी ट्रॉली कुणाला दिसायची नाही? तिने भारा उचलला. अंधार पडल्यावरही ट्रॉली तिथेच असेल, हे मेलं तिच्या डोक्यातच आलं नाही. कल्याण आदळला तेव्हा ती गायीपुढे वाढं टाकत होती.

हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. सांगायचं तरी कोणत्या तोंडाने? वकिलाने आधीच बजावलं होतं, कल्याणची चूक धरली तर भरपाईला कात्री लागेल. नात अजून अंगावर पिणारी, शीतलच्या माहेरी खायचे वांधे. आणि खरं कळलं तर शीतल पोरीला घेऊन एक रात्रही या घरात थांबायची नाही.

विम्याच्या वकिलाने तिला पुन्हा पिंजऱ्यात बोलावलं. "बाई, तुम्ही त्या दिवशी त्याच रस्त्याने घरी आलात ना?"

"आल्ते."

"ट्रॉलीमागे भारा पाहिलात?"

अंगद पुष्पाबाईकडे आशेने बघत होता, आणि बाकावरून शीतलही.

"न्हाई," ती म्हणाली. "काईच न्हवतं तिथं."

बाहेर आल्यावर शीतलने तिचा दंड धरला. कित्येक महिन्यांनी पोरीच्या तोंडावर जरा तकाकी आली होती. "बराबर बोलल्या आत्याबाई. मला तर लई भेव वाटत व्हतं."

तेवढ्यात अंगद समोर येऊन उभा राहिला. पुष्पाबाईला वाटलं, आता हा सगळ्यांदेखत आपल्याला खोटारडी म्हणणार. म्हणू दे. एकदाचं म्हणू दे.

"माय," अंगद म्हणाला, "भारा म्या ठिवल्ता. पर तुमी पोटचा लेक गमावला, तुमी कशाला खोटं बोलताल? वाऱ्यानं गेला असंल. वर दगूड ठिवायला पायजे व्हता, त्यो म्या ठिवला न्हाई. माझीच चुकी झाली. कोर्ट काय द्यायची ती सजा दिईल, पर तुमी मला माफ करा."

आणि तो वाकला. पुष्पाबाई मागे सरकली. मागे भिंत होती. अंगदने तिच्या पायांवर डोकं टेकवलं आणि तो तसाच हुंदके देत राहिला. तिच्या ओठांवर सगळं आलं होतं, अगदी दातांपर्यंत. तिने शीतलकडे पाहिलं. शीतलच्या खांद्यावर नात झोपली होती.

"करा माफ, आत्याबाई," शीतल डोळे पुसत म्हणाली. "गरीब मानूस हाय."

पुष्पाबाईने हात उचलला, अंगदच्या डोक्यावर ठेवला आणि जेमतेम ऐकू येईल असं म्हणाली, "माफ केलं, बाबा."