पाठमोऱ्या बाईचा टोप

मित्रांनो, मी एक जुना, पिकल्या केसांचा टोप आहे. दुबईत, अल कुसैसच्या एका फ्लॅटमध्ये, कपाटावरच्या खोक्यात राहतो. जन्म मात्र जर्मनीतला. एका कारागिराने जाळीत एकेक केस गाठून मला घडवलं आणि आतल्या पट्टीवर शाईने मालकिणीचं नाव घातलं. टोपांची अदलाबदल होऊ नये म्हणून तशी रीतच असते.

माझी मालकीण चरित्र अभिनेत्री. सिनेमात, टीव्हीवर ती घरमालकीण झाली, नर्स झाली, खाष्ट सासू झाली. लोक रस्त्यात थांबवून विचारत, "तुम्ही त्या ह्याच ना?" पण त्या म्हणजे कोण, ते एकालाही सांगता येत नसे. नायिकेच्या कुत्र्याचं नाव पाठ, हिचं नाही. मला तळपाय असते तर त्यांची आग मस्तकात गेली असती. मस्तक माझ्याखाली होतंच.

१९९९ साली एका जर्मन टीव्ही-चित्रपटासाठी आम्ही दुबईला आलो. मला तिच्या डोक्यावर बसवायला प्रमिला होती, अल कुसैसच्या पार्लरमधली. मालकिणीचा एकच मोठा प्रसंग होता. मुलगा गेल्याची बातमी आईला कळते. ती कितीतरी दिवस त्याची तयारी करत होती. पण नायकाने कुठला गॉगल घालावा, यातच दुपार गेली. ऊन उतरलं तसा दिग्दर्शक म्हणाला, "हिचा चेहरा राहू द्या. पाठमोरी घ्या आणि उरका."

तीस वर्षं राबल्याचं हे फळ! मालकीण भांडली नाही. पाठ करून उभी राहिली. बातमी ऐकली आणि तिच्या मानेतून असा कंप आला की माझा केस न् केस हलला. नंतर तिने मला उतरवून प्रमिलाच्या हातात दिलं आणि पुन्हा कधी काम केलं नाही.

दोन वर्षांनी प्रमिलाने त्या चित्रपटाची इंग्रजीत डब केलेली कॅसेट भाड्याने आणली. तो प्रसंग बघताना तिची लेक रिद्धी रडली.

"मम्मा, हू इज शी? आय कान्ट ईव्हन सी हर फेस."

"थांब, शेवटी नाव येईल. मी नुसतं मॅडम म्हणायचे गं, नाव कधी विचारलंच नाही."

नाव आलं नाही. चित्रपट संपताच दुसऱ्याच कुठल्या सिनेमाचं नाचगाणं सुरू झालं. प्रमिलाने व्हिडिओ लायब्ररीवाल्या रफिकला फोन लावला.

"दीदी, एक टेप में दो पिक्चर बिठानी थी. नाम कौन पढ़ता है?"

"हम पढ़ते हैं, रफिकभाई," म्हणून तिने फोन आदळला.

मग तिने मला खाली काढलं. रिद्धीने मला उलटं केलं आणि घामाने फिकटलेल्या पट्टीवरची अक्षरं लावत लावत वाचली.

मित्रांनो, माझे केस झडले तरी चालतील. पण सिनेमा संपला की लगेच उठू नका. त्या भरभर सरकणाऱ्या ओळींमध्ये कुणाचा तरी जन्म गेलेला असतो. माझ्या पट्टीवरची शाईही आता फार दिवस टिकायची नाही. तेव्हा रिद्धीने वाचलं तसं तुम्हीही एकदा मोठ्याने वाचा: आनेलीझ क्रोप.