पडद्याची अर्धी तुरपाई

टेलरमास्तरांच्या दुकानातून अर्धवट काम कधी बाहेर पडलं नाही, आणि याचा त्यांना भारी तोरा होता. काजं झाली, बटणं लागली, धागा तोडला, की मगच कपडा हँगरवर. घरातही तोच खाक्या. गळका नळ, उघडं झाकण, जेवताना निघालेला वाद, सगळं तिथल्या तिथे निकालात काढायचं. वाद असला तर "विषय संपला" म्हणायचं आणि हात धुवायला उठायचं.

त्यांच्या बायकोला मात्र वर्षभरापासून वेगळाच नाद लागला होता. दर रविवारी दुपारी ती पलीकडे जायची. पलीकडे म्हणजे नेमकं कुठे, हे मास्तरांच्या डोक्यात कधी शिरलं नाही. अंग इथे झोपलेलं, श्वास चालू, आणि जाणीव तेवढी उठून दुसऱ्याच पातळीवर. तिथे म्हणे मोकळ्या खोल्या असतात, एकीला लागून दुसरी, आणि कुणी कुणाकडे काही मागत नाही. शिकवणाऱ्या बाई टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेल्या. जन्मभर फोन जोडून दिले, आता माणसंच पाठवतात, असं सांगून मास्तर गिऱ्हाइकांना हसवायचे.

जाणं सोपं, येणं अवघड, असं बाई पहिल्याच दिवशी सांगायच्या. म्हणून झोपण्याआधी प्रत्येकाने हातातलं एक काम मुद्दाम अर्धं सोडायचं आणि उशाशी ठेवायचं. त्याला ते लोक खुंटी म्हणत. पलीकडे कितीही रमलं तरी ते राहिलेलं काम मनाला टोचत राहतं आणि माणूस परत येतो.

त्या रविवारी बाईंचा वर्ग भरायचा त्या हॉलला रंग द्यायचं काम चालू होतं, म्हणून बायको पहिल्यांदाच घरी झोपली. उशाशी पडदा ठेवला, निम्मी तुरपाई केलेला, सुई तशीच टोचलेली. "चारला उठेन. तोवर कशाला हात लावू नका," एवढं बजावून तिने डोळे मिटले. खुंटीबद्दल मास्तरांनी दहा वेळा ऐकलं होतं, पण या कानाने ऐकून त्या कानाने सोडलेलं. बायकोला हलवायचं नाही, एवढाच अर्थ त्यांनी घेतला आणि खुर्ची दोन हात लांब ओढून इमानेइतबारे राखण करत बसले.

नजर मात्र पडद्यावर. सुई लोंबतेय, पुढे हातभर कड उघडी. दहा मिनिटं त्यांनी कशीबशी कळ काढली. मग पडदा हलकेच ओढला, तुरपाई पुरी केली, धागा दाताने तोडला आणि घडी घालून होता तिथे ठेवला. उठल्यावर बायको खूश होईल असंच त्यांना वाटलं, अगदी मनापासून.

चार वाजले. साडेचार झाले. मास्तरांनी हाका मारल्या, खांदा हलवला, तोंडावर पाणी शिंपडलं. श्वास संथ, चेहरा निवांत, पण जाग नाही. त्यांनी बाईंना फोन लावला.

बाई रंगाचे डाग पडलेल्या कपड्यांतच आल्या. नाडी पाहिली आणि खुंटी कुठे आहे म्हणून विचारलं. मास्तरांनी घडी घातलेला पडदा पुढे केला. बाईंनी कड शेवटपर्यंत चाचपली, मग मास्तरांकडे बघितलं. तेव्हा कुठे मास्तरांच्या डोक्यात प्रकाश पडला.

"उसवतो लगेच," ते म्हणाले.

"उसवून काय उपयोग? तिच्या लेखी ते पुरं झालं. दुसरं काही शोधा, मास्तर. तिनेच सुरू केलेलं, तिच्याच हातून राहिलेलं. आणि अंधार पडायच्या आत."

अंधार पडल्यावर काय होतं, असं मास्तरांनी विचारलं. दुपारची झोप रात्रीच्या झोपेत मिसळली की वाट सापडत नाही, बाईंनी सांगितलं. त्यांच्या एका विद्यार्थ्याचं तसं झालं होतं. तीन वर्षं तो झोपलेलाच आहे.

मास्तरांनी घर धुंडाळलं. बायकोने वर्तमानपत्रातलं शब्दकोडं सुरू केलं होतं, ते त्यांनी सकाळीच भरून टाकलेलं. तिचा स्वेटर बाहीशी अडला होता, तो त्यांनी मशीनवर विणून आणलेला. तिचं वाचनालयाचं पुस्तक मुदत संपते म्हणून परत केलेलं, खूण पानात होती तशीच. कपाटं उघडली, डबे उघडले. स्वतःच्या नीटनेटकेपणाचा त्यांना आयुष्यात पहिल्यांदा राग आला.

"तुमच्या घरात काहीच कसं अर्धं नाही हो?" बाईंनी विचारलं. एरवी मास्तर या वाक्यावर आठवडाभर खूश राहिले असते.

शेवटी ते माळ्यावर चढले. तिथे जुन्या ट्रंकेमागे जेवणाच्या टेबलाची तिसरी खुर्ची होती. ती त्यांनीच वर टाकली होती, सहा वर्षांपूर्वी, मुलगा दुकान सोडून ट्रक चालवायला गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी. तो गेला त्या रात्री जेवताना बायको बोलायला लागली होती, ते निम्म्यात तोडून मास्तर हात धुवायला उठले होते. पुन्हा त्या मुलाचं नाव घरात निघालं नाही.

ते खाली उतरले. खिडकीतलं ऊन जाऊन भिंती करड्या झाल्या होत्या. मास्तर बायकोच्या कानाशी वाकले.

"पोरगा गेला त्या दिवशी तू बोलत होतीस. 'त्याचं चुकलंच, पण तुम्हीसुद्धा त्याला...' एवढं म्हणालीस आणि मी तोडलं. पुढे काय म्हणणार होतीस?"

काहीच झालं नाही. बाईंनी घड्याळाकडे पाहिलं. मास्तरांनी पुन्हा विचारलं, मग पुन्हा. चौथ्यांदा विचारताना त्यांना रडू फुटलं.

बायकोचे ओठ हलले. डोळे अजून मिटलेलेच होते.

"एकदाही थांब म्हणाला नाहीत," ती म्हणाली.

मग तिने डोळे उघडले, छताकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि किती वाजले ते विचारलं. बाईंनी खुर्चीत अंग टाकलं. मास्तरांनी तिचा हात धरला. मग सवयीने त्यांनी तोंड उघडलं.

"विषय..." ते म्हणाले, आणि तिथेच थांबले.

बायको वाट बघत होती. मास्तरांनी फोन उचलून तिच्यापुढे धरला आणि पोराचा नंबर मागितला.