बारा संगणकांतला हसनभाईंचा आवाज

मित्रांनो, मी एक जुना सर्व्हर आहे. मालवणच्या बाजारात नसीमा मॅडमचा टायपिंग क्लास आहे, तिथल्या कोपऱ्यात बसतो. खाऱ्या हवेने माझा पत्रा गंजलाय, पण पोरं मला अजून 'आवस' म्हणतात. आवस म्हणजे आई.

का म्हणतात, सांगतो. समोर बारा संगणक. पोरं त्यांत दिवसभर नको ते उद्योग करून ठेवत. सकाळी क्लास उघडला की मी माझ्या डिस्कची हुबेहूब प्रत, म्हणजे इमेज, बाराही जणांत उतरवायचो. माझ्यात आहे ते त्यांच्यात यायचं, माझ्यात नाही ते त्यांच्यातून जायचं. "आवस आसा म्हणान माझो क्लास चलता," असं मॅडम म्हणत, तेव्हा माझी छाती फुगायची. खोटं कशाला बोलू?

मॅडमचे नवरे हसनभाई देवबागला मासेमारी करत. पोरांना ऐकून टाइप करता यावं म्हणून त्यांनी धडे वाचून माझ्यात भरले. वाचता वाचता मध्येच म्हणत, "सावकाश रे, दर्यो खंय पळान जाणा नाय." पोरं खुदकन हसत. गेल्या वर्षी हसनभाई आजारपणात गेले. धडे मात्र रोज चालू राहिले, आणि मॅडम अधूनमधून एखाद्या पोराचा हेडफोन मागून घेऊ लागल्या.

मग परीक्षेचं नवं सॉफ्टवेअर आलं. माझ्यात जागा पुरेना.

"अम्मी, अब्बांचे धडे काढू नको गो," त्यांची मुलगी इल्मा म्हणाली.

"अगो, बारा जणांकडे आसत मां ते. हयले काढले तर काय जाता?"

मॅडमनी माझ्यातले धडे कायमचे पुसले. मला तोंड असतं तर बोंब मारली असती. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी इमेज उतरवायचं बटण दाबलं, आणि मी माझं काम चोख केलं.

थोड्या वेळाने मॅडमनी पहिल्या संगणकाचा हेडफोन कानाला लावला. मग दुसऱ्याचा. करत करत बाराव्यापर्यंत गेल्या आणि तिथेच खुर्चीत बसल्या.

"मियाच पुसलंय गो," त्या इल्माला म्हणाल्या.

मित्रांनो, सगळ्यांना सारखं करणं वेगळं आणि सांभाळणं वेगळं. मला फक्त पहिलं जमतं, याचं मला फार वाईट वाटतं. तुमच्या माणसाचा आवाज जपायचा असेल, तर त्याची एक प्रत माझी वायर पोचणार नाही अशा जागी ठेवा. आजच ठेवा. उद्या सकाळी बटण दाबलं की मी पुन्हा सगळं सारखं करीन. त्यातलं काय कोणाचा जीव की प्राण होतं, हे मला विचारता येत नाही.